कवटीचा तळमजला

डोक्याला मार लागला की आपण आधी काय बघतो? टेंगूळ आलंय का, खोक पडली आहे का, रक्त येतंय का. टेंगळावर बर्फ लावला, रक्त थांबलं, माणूस स्वतःचं नाव-गाव नीट सांगतोय असं दिसलं की सगळ्यांचा जीव भांड्यात पडतो. "काही नाही हो, थोडक्यात वाचला!" असं म्हणून मंडळी चहाच्या तयारीला लागतात.

पण हे सगळं आपण बघितलं ते कवटीच्या छपराचं. कवटीला तळही असतो, आणि तो बाहेरून कुठूनच हाताला लागत नाही. या तळाला तडा गेला तर त्याच्या खुणा कधी कधी दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी दिसतात, आणि त्याही भलत्याच ठिकाणी. डोळ्यांभोवती, कानामागे, नाहीतर नाकात. घरच्यांना या खुणा माहीत असतील तर माणूस वेळेत दवाखान्यात जातो. माहीत नसतील तर तो पडशाची गोळी घेऊन झोपतो.

यंदाच्या कार्यक्रमाचा निधी अपघातग्रस्तांच्या मदतीला जाणार आहे, तेव्हा स्मरणिकेत डोक्याच्या दुखापतीवर काहीतरी समजेल असं यावं अशी सूचना होती. मी डॉक्टर नाही, सॉफ्टवेअरवाला आहे. त्यामुळे औषधं सांगण्याच्या भानगडीत पडत नाही. पण एखादी रचना कशी आहे आणि ती कुठे मोडते, हे समजून घेण्याची सवय इंजिनिअरिंगने लावलेली असते. तेवढ्या भांडवलावर हा लेख.

कवटीचा घुमट गोल, बऱ्यापैकी जाड आणि अखंड असतो. अंड्यासारखा आकार असल्यामुळे जोर सगळीकडे वाटला जातो. तळाचं तसं नाही. तो सपाटही नाही आणि अखंडही नाही. पुढून मागे तीन पायऱ्या उतरत जाणारी ती एक ओबडधोबड जमीन आहे, आणि तिला जागोजागी भोकं पाडलेली आहेत. मेंदूतून डोळ्यांकडे, कानांकडे, चेहऱ्याकडे जाणाऱ्या नसा याच भोकांतून खाली उतरतात, आणि मेंदूला रक्त पुरवणाऱ्या मोठ्या धमन्या खालून वर येतात. घराच्या स्लॅबमध्ये नळ आणि वायरी न्यायला आपण भोकं ठेवतो ना, तसंच. आणि स्लॅबला तडा जातो तेव्हा तो बहुतेक वेळा भोकाच्या कडेपासूनच सुरू होतो, हे कुठलाही सिव्हिलवाला सांगेल.

पहिली पायरी म्हणजे डोळ्यांच्या खोबणींचं आणि नाकाचं छत. नाकाच्या वरचा भाग तर अक्षरशः चाळणी आहे. कागदासारखं पातळ हाड आणि त्याला बारीक बारीक छिद्रं. वासाच्या नसांचे धागे त्यातून नाकात उतरतात. मेंदूभोवती जे चिवट आवरण असतं ते इथे हाडाला घट्ट चिकटलेलं असतं. त्यामुळे हाड तडकलं की आवरणही फाटतं.

दुसऱ्या पायरीवर कानाचं हाड. याचा आतला भाग शरीरातल्या सर्वांत टणक हाडांपैकी एक. त्याचं वैद्यकीय नावच दगडावरून पडलंय. हजारो वर्षांपूर्वीच्या सांगाड्यातून डीएनए काढायचा असतो तेव्हा शास्त्रज्ञ आधी हे हाड मिळतंय का ते बघतात, इतकं ते टिकाऊ. पण त्याच्या पोटात ऐकण्याचं आणि तोल सांभाळण्याचं यंत्र आहे आणि चेहरा हलवणारी नस त्यातूनच वाकडीतिकडी वळणं घेत बाहेर पडते. म्हणून हे हाड तडकलं तर माणसाला एका कानाने ऐकू येईनासं होतं, गरगरतं, किंवा तोंड एका बाजूला वाकडं होतं.

तिसरी पायरी सर्वांत मागची आणि सर्वांत खोल. तिच्या मध्यभागी रुपयाच्या नाण्यापेक्षा मोठं भोक असतं. त्यातून मेंदूचा देठ पाठीच्या कण्यात उतरतो. श्वास आणि हृदयाची गती सांभाळणारी केंद्रं या देठात असतात. या भोकाभोवती गोल तडा गेला, म्हणजे कवटीचा तळ मानेच्या मणक्यावरून जणू उचकटला गेला, तर बहुतेक वेळा माणूस जागच्या जागी जातो.

हा शेवटचा प्रकार जगासमोर आला तो मोटारींच्या शर्यतींमुळे. १८ फेब्रुवारी २००१ रोजी अमेरिकेतल्या डेटोना इथे शेवटच्या फेरीत डेल अर्नहार्ट याची गाडी भिंतीवर आदळली. सात वेळचा विजेता, अमेरिकेत त्याचं नाव आपल्याकडच्या एखाद्या क्रिकेटपटूसारखं घराघरात. टीव्हीवर बघणाऱ्यांना तो अपघात फार भयंकर वाटला नव्हता. गाडी उलटली नाही, पेटली नाही. पण अर्नहार्ट गेला, आणि कारण निघालं कवटीच्या तळाचं फ्रॅक्चर. आधीच्या वर्षभरात त्याच संघटनेच्या शर्यतींत आणखी तीन चालक डोक्या-मानेच्या अशाच दुखापतींनी गेले होते.

यामागचं गणित साधं आहे. आपलं डोकं साधारण साडेचार-पाच किलोचं असतं आणि ते मानेच्या दांड्यावर तोललेलं असतं. समजा गाडी ताशी ६० किलोमीटर वेगाने आदळली आणि ६० सेंटीमीटरमध्ये थांबली. आकडे घालून बघा, गुरुत्वाकर्षणाच्या सुमारे २४ पट झटका येतो. म्हणजे तेवढ्या क्षणापुरतं ते पाच किलोचं डोकं १२० किलोचं होतं. वेग ताशी १२० केला, म्हणजे आपला इथला हायवेचा वेग, तर ऊर्जा दुप्पट होत नाही, चौपट होते. शर्यतीच्या गाडीत धड पट्ट्यांनी करकचून बांधलेलं असतं, डोकं मात्र मोकळं. धड थांबतं, डोकं पुढे जातं, आणि सगळा ताण जिथे मान कवटीला जोडली आहे तिथे येतो.

यावरचा उपाय अर्नहार्टच्या मृत्यूच्या बराच आधी तयार होता. मिशिगन स्टेट विद्यापीठातले बायोमेकॅनिक्सचे प्राध्यापक रॉबर्ट हबर्ड आणि त्यांचे मेहुणे, शर्यतपटू जिम डाऊनिंग, यांनी १९८०च्या दशकात खांद्यावर बसणारी एक कॉलर बनवली. हेल्मेट दोन पट्ट्यांनी या कॉलरला बांधायचं, म्हणजे डोकं धडाबरोबरच थांबतं. त्याला ‘हान्स’ म्हणतात. चालकांना ती अडचणीची वाटायची, म्हणून बरीच वर्षं ती फारशी खपली नाही. २००१च्या ऑक्टोबरात अमेरिकेच्या त्या शर्यतींत डोकं-मान धरून ठेवणारं उपकरण सक्तीचं झालं आणि २००३ पासून फॉर्म्युला वनमध्ये हान्स. चांगलं डिझाइन कपाटात पडून राहतं आणि कुणीतरी मोठा माणूस गेल्यावर बाहेर येतं, हे आम्हा इंजिनिअर लोकांना काही नवीन नाही!

मात्र यावरून कुणी "बघा, पट्ट्यानेच घोटाळा होतो" असा अर्थ काढू नका. आपल्या साध्या गाडीचा पट्टा धडाला थोडं पुढे येऊ देतो आणि पुढे एअरबॅग असते. पट्टा नसेल तर डोकं थेट समोरच्या सीटवर, खांबावर नाहीतर छतावर जातं. आणि तेही गाडीच्या पूर्ण वेगाने.

आपल्या महाराष्ट्राने हे दोनदा पाहिलं. ३ जून २०१४ रोजी सकाळी केंद्रीय मंत्री गोपीनाथ मुंडे दिल्लीत विमानतळाकडे निघाले होते. शपथ घेऊन जेमतेम आठवडा झाला होता. चौकात दुसऱ्या मोटारीने त्यांच्या गाडीला धडक दिली. ते मागच्या सीटवर होते, पट्टा लावलेला नव्हता. शवविच्छेदनात मानेच्या मणक्याची आणि यकृताची गंभीर दुखापत आढळली. ते कवटीच्या तळाचं फ्रॅक्चर नव्हतं. पण मानेचे वरचे मणके म्हणजे त्या तळाच्या लगेच खालचा मजलाच, आणि झटक्याचं गणितही तेच. त्या वेळचे आरोग्यमंत्री डॉ. हर्षवर्धन हे स्वतः नाक-कान-घशाचे सर्जन. मागचा पट्टा शोभेचा नसतो, तो लावला असता तर आपला मित्र वाचला असता, असं त्यांनी नंतर जाहीरपणे सांगितलं. पुढे ४ सप्टेंबर २०२२ रोजी पालघर जिल्ह्यात चारोटीजवळ सूर्या नदीच्या पुलावर सायरस मिस्त्री यांची मोटार कठड्यावर आदळली. गाडीत चौघे. मागचे दोघे गेले, पुढचे दोघे जबर जखमी होऊनही वाचले. त्यानंतर मुंबई वाहतूक पोलिसांनी १ नोव्हेंबर २०२२ पासून मागच्या प्रवाशांनाही पट्टा सक्तीचा केला.

इथे ओमानमध्ये रस्ते उत्तम, गाड्या मोठ्या, आणि अंतरं त्याहून मोठी. २०१२ साली देशात रस्त्यांवरच्या अपघातांत १,१३९ माणसं गेली होती. त्यानंतर कॅमेरे आले, कायदा कडक झाला आणि आकडा पुष्कळ खाली आला. तरीही खरीफमध्ये रात्रभर गाडी हाणत मस्कतहून सलालाला जाणाऱ्या आपल्या मंडळींची संख्या काही कमी नाही. हजारेक किलोमीटरचा रस्ता. आदमच्या पुढे हैमापर्यंत आणि त्याहीपुढे सगळं सपाट वाळवंट. मागे मुलं आडवी झोपलेली, आजी मांडी घालून बसलेली, पट्टे सीटच्या फटीत. आणि मध्येच उंट!

उंटाची धडक ही या भागातली खास दुखापत आहे. गाय किंवा म्हैस गाडीच्या नाकाडावर आदळते. उंटाचे पाय लांब, त्यामुळे गाडीचा पुढचा भाग पायांवर बसतो आणि चार-पाचशे किलोचं धड सरळ काचेवर आणि छतावर येतं. एअरबॅगचा तिथे फार उपयोग होत नाही. छत खाली दबतं आणि मार बसतो डोक्याला व मानेला. आखाती देशांतल्या डॉक्टरांनी यावर बरेच शोधनिबंध लिहिले आहेत. उपाय एकच, अंधारात वेग कमी ठेवायचा, किंवा सरळ हैमाला मुक्काम करायचा.

दुसरा धोका बांधकामावरचा. परांचीवरून पडलेला माणूस पायावर किंवा बुडावर पडला तरी कणा खालून कवटीच्या तळावर ठोसा मारतो. डोकं कुठेही आपटलेलं नसताना तळाला तडा जाऊ शकतो, हे साइटवरच्या सुपरवायझर मंडळींनी लक्षात ठेवावं. आणि हनुवटीखालचा पट्टा न लावता नुसतं ठेवलेलं हेल्मेट माणूस खाली येण्याआधीच उडून गेलेलं असतं.

आता खुणांकडे येऊ. स्मरणिकेतलं बाकी काही नाही वाचलंत तरी चालेल, हे वाचा.

डोळ्याला काहीही न लागता दोन्ही डोळ्यांभोवती काळं-निळं होणं ही पहिली खूण. तळाच्या पहिल्या पायरीवरचं रक्त हळूहळू पापण्यांत उतरतं. अमेरिकेत रॅकून नावाचा डोळ्यांभोवती काळे पट्टे असलेला प्राणी आहे, त्यावरून डॉक्टर याला ‘रॅकून आईज’ म्हणतात. दुसरी खूण कानाच्या पाळीमागच्या उंचवट्यावर काळा-निळा डाग. याला ‘बॅटल्स साइन’ म्हणतात. लढाईशी काही संबंध नाही; विल्यम हेन्री बॅटल नावाच्या इंग्रज सर्जनने ती नोंदवली म्हणून ते नाव. या दोन्ही खुणा यायला काही तास, कधी एक-दोन दिवस लागतात. म्हणजे अपघाताच्या रात्री इमर्जन्सीत चेहरा स्वच्छ असेल आणि घरी आल्यावर तिसऱ्या दिवशी सकाळी डोळे काळे. तेव्हा "मुका मार आता बाहेर पडतोय, बरं लक्षण आहे" असं म्हणणारे काका प्रत्येक घरात असतात. त्यांचं न ऐकता पुन्हा डॉक्टर गाठायचे. कानातून रक्त येणं, एका कानाने कमी ऐकू येणं, एक डोळा मिटता न येणं, एकाची दोन दिसणं, या आणखी काही.

आणि सर्वांत महत्त्वाचं, नाकातून किंवा कानातून येणारं पाणी.

मेंदू कवटीत कोरडा ठेवलेला नसतो, तो एका स्वच्छ द्रवात तरंगत असतो. डॉक्टर त्याला सीएसएफ म्हणतात, आपण मेंदूतलं पाणी म्हणू. एका वेळी ते जेमतेम दीडशे मिलिलिटर असतं, पण दिवसभरात अर्धा लिटरच्या आसपास नवीन तयार होतं. तळाचं हाड तडकलं आणि आवरण फाटलं की ते नाकात किंवा कानात गळतं. आमच्या ओळखीतले एक गृहस्थ सोहार रस्त्यावर गाडी उलटूनही चालत बाहेर आले होते. चौथ्या दिवशी बुटाची नाडी बांधायला वाकले की एकाच नाकपुडीतून टपटप पाणी. एसीमुळे पडसं झालं असेल म्हणून दोन दिवस नाक शिंकरत राहिले. शेवटी वहिनींनी हट्टाने नेलं, आणि निघाली ती गळती.

पडशाचं पाणी चिकट, दोन्ही नाकपुड्यांतून येणारं. हे पाण्यासारखं पातळ, बहुधा एका बाजूने, वाकलं की वाढणारं, घशात उतरलं तर खारट लागणारं. रक्तात मिसळलेलं असेल तर टिश्यूवर थेंब पडल्यावर मध्ये लाल आणि भोवती फिकट कडं दिसतं. कड्यावर मात्र पूर्ण भरवसा ठेवू नये, कारण रक्तात साधं पाणी किंवा अश्रू मिसळले तरी तसं कडं येतं. खात्री प्रयोगशाळेत होते. बीटा-टू ट्रान्सफेरिन नावाचं प्रथिन या द्रवात असतं, नाकाच्या स्रावात नसतं.

या पाण्याची एवढी काळजी कशासाठी? कारण जिथून पाणी बाहेर येऊ शकतं तिथून जंतू आत जाऊ शकतात. नाक ही काही स्वच्छ जागा नव्हे. त्यातून मेंदूच्या आवरणाला सूज येते, म्हणजे मेनिन्जायटिस होतो. अपघातानंतर आठवड्याने होऊ शकतो, आणि गळती लक्षातच आली नाही तर कधी कधी काही वर्षांनीही. म्हणून नाकात-कानात कापसाचे बोळे कोंबायचे नाहीत, नाक शिंकरायचं नाही, शिंक आली तर तोंड उघडं ठेवून शिंकायचं, कुंथायचं नाही. दवाखान्यात नर्सने नाकातून नळी घालायला घेतली तर "डोक्याला मार लागलाय" हे आठवणीने सांगायचं. तडकलेल्या चाळणीतून नळी मेंदूत गेल्याची उदाहरणं वैद्यकीय नियतकालिकांत नोंदलेली आहेत.

अपघाताच्या जागी ९९९९ फिरवायचा. मान वळवायची नाही, उचलून पिकअपमध्ये टाकायचं नाही, पाणी पाजायचं नाही. मस्कतमध्ये मेंदूच्या शस्त्रक्रियेची आणि अपघातांची मुख्य सोय खौला हॉस्पिटलमध्ये आहे. दूरवरचे गंभीर रुग्ण तिथेच पाठवले जातात. घरी सोडलेल्या माणसाला पुन्हा पुन्हा उलट्या, वाढती डोकेदुखी, फार झोप, बडबड, फिट यांतलं काहीही झालं तर सकाळची वाट बघायची नाही.

साध्या एक्स-रेत हा तडा बहुधा दिसत नाही. पातळ कापांचा सीटी स्कॅन लागतो. इथे थोडी आमच्या जातीची बढाई. सीटी स्कॅनचं यंत्र बनवणारे गॉडफ्रे हाउन्सफील्ड डॉक्टर नव्हते, ईएमआय कंपनीतले इंजिनिअर होते. १ ऑक्टोबर १९७१ रोजी लंडनमध्ये पहिल्या रुग्णाच्या मेंदूचा स्कॅन झाला आणि १९७९ साली त्यांना वैद्यकातलं नोबेल विभागून मिळालं. वेगवेगळ्या कोनांतून एक्स-रे घ्यायचे आणि आकडेमोड करून आतलं चित्र उभं करायचं. म्हणजे अर्धं काम सॉफ्टवेअरचंच!

दिलासा देणारी गोष्ट ही की तळाच्या बहुतेक तड्यांना ऑपरेशन लागत नाही. हाड आपोआप भरतं. डोकं उशाने थोडं उंच ठेवून पडून राहिलं की बरीचशी गळती आठवड्याभरात थांबते. आमच्या त्या गृहस्थांचीही थांबली. नाही थांबली तर दुर्बिणीने नाकातूनच ठिगळ लावता येतं. "डॉक्टर अँटिबायोटिक का देत नाहीत?" म्हणून नातेवाईक भांडतात, पण निव्वळ खबरदारी म्हणून दिलेल्या अँटिबायोटिकचा फायदा होतो असं अभ्यासांत सिद्ध झालेलं नाही. न्यूमोकोकसच्या लशीबद्दल मात्र जरूर विचारा. तोंड वाकडं झालं असेल तर ते अपघाताच्या क्षणी झालं की दोन दिवसांनी, हे डॉक्टरांना नक्की सांगा. दोन्हींचे उपचार वेगळे असतात.

आपल्या परदेशात राहणाऱ्यांसाठी एक गोष्ट फारच महत्त्वाची. इथे काही झालं की पहिला विचार येतो, "मुंबईला घेऊन जाऊ, तिथे आपली माणसं आहेत." अडीच-तीन तासांचं तर विमान! पण तळाच्या तड्यातून कवटीत हवा शिरलेली असू शकते. विमानाच्या केबिनमध्ये हवेचा दाब जमिनीवरच्या सुमारे तीन चतुर्थांश असतो, म्हणजे अडकलेली हवा तीसेक टक्के फुगते. कवटी फुगत नाही, मग दबतो तो मेंदू. म्हणून डॉक्टरांनी पुन्हा स्कॅन बघून लेखी परवानगी दिल्याशिवाय तिकीट काढू नये. विमान कंपन्याही अशा रुग्णासाठी वैद्यकीय फॉर्म मागतात. सामान्य प्रवासी म्हणून गुपचूप बसवून न्यायचे उद्योग कुणी सुचवले तर साफ नाही म्हणा.

बरं होऊन घरी आलेल्या माणसाची एक तक्रार पुष्कळदा कुणी मनावर घेत नाही. जेवणाला चव नाही. खरं म्हणजे चव असते, वास गेलेला असतो. चाळणीतले ते धागे तुटलेले असतात. काहींचा काही महिन्यांनी परत येतो, काहींचा येत नाही. अशा माणसाला फोडणी करपलेली कळत नाही, दूध नासलेलं कळत नाही आणि सिलिंडर गळत असला तरी कळत नाही. इथे बहुतेकांच्या स्वयंपाकघरात सिलिंडरच आहे. गॅस ओळखणारा अलार्म बाजारात मिळतो. आपला गॅस हवेपेक्षा जड असतो, तेव्हा तो अलार्म वर छताला न लावता खाली जमिनीलगत लावावा.